मिरजेच्या फलाटावरची चार मिनिटं

गेल्या वर्षी मामी गेली आणि साताऱ्यातल्या शनिवार पेठेतलं घर आवरायची वेळ आली. मामाला जाऊन तर तीस वर्षं उलटून गेली होती, पण त्याचं लाकडी कपाट मामीनं कुणाला उघडू दिलं नव्हतं. आत फारसं काही निघालं नाही. सतरा-अठरा जुन्या टोप्या, तीन प्रकारचे चष्मे, एक पागोटं, कार्यक्रमांच्या हस्तपत्रिकांचा गठ्ठा आणि अगदी तळाशी, धोतराच्या फडक्यात गुंडाळलेली, तळहाताएवढी एक पत्र्याची डबी. डबीवर मामाच्या अक्षरात तीनच शब्द : ‘मिरज. नोव्हेंबर ६८.’

झाकण काढल्याबरोबर आंबूस वास आला, व्हिनेगरची बाटली उघडावी तसा. आत आठ मिलिमीटरची एक रीळ होती.

माझा मामा नकलाकार होता. साताऱ्यापासून सांगली-मिरजेपर्यंत गणपतीच्या दहा दिवसांत त्याला एकही रात्र मोकळी नसे. कऱ्हाड, इस्लामपूर, तासगाव, विटा, सगळीकडं त्याच्या नावाचे फलक लागत. एसटीचा कंडक्टर, शेंगदाणेवाला, माईक नीट लागला नाही म्हणून चिडलेला अध्यक्ष, घसा बसलेला कीर्तनकार, अशी माणसं तो एकामागून एक उभी करी. मिरजेच्या स्टेशनात गाडी शिरतानाचा आवाज त्यानं काढला की मागच्या रांगेतली पोरं खरोखर वळून बघत. त्याची सगळी कमाई त्याच्या गळ्यात होती.

१९६८ मध्ये नैरोबीतल्या मराठी मंडळींचं त्याला बोलावणं आलं. मुंबईहून बोटीनं मोंबासा, तिथून रेल्वेनं नैरोबी, तीन महिन्यांत वीसेक कार्यक्रम. आमच्याकडं तोवर परदेशी गेलं होतं ते फक्त एक मनीऑर्डरीचं पाकीट, तेही चुकून. त्यामुळं मामाचं हे जाणं म्हणजे घरचं कार्यच होतं. शेवटचे कार्यक्रम सांगलीत झाले, म्हणून तो आमच्याकडूनच निघाला. विलायतेहून परतलेले एक डॉक्टर आमच्या गल्लीत राहत. त्यांच्याकडं चावीचा छोटा सिनेकॅमेरा होता. ‘आर्टिस्ट परदेशी चाललाय, त्याची फिल्म घ्यायलाच हवी,’ म्हणून ते स्वतः मिरजेला आले. हे मला आठवतं, कारण त्या दिवशी हारांची पिशवी माझ्या हातात होती आणि मी सात वर्षांचा होतो. फिल्म धुऊन आली, मामाला मिळाली, हेही ऐकलं होतं. पण ती कुणी पाहिल्याचं मात्र कधीच ऐकलं नाही. मामाच तो विषय काढू देत नसे.

भाचीनं डबी पुण्याला नेली आणि महिन्याभरानं फिल्म डिजिटल होऊन आली. दिवाळीत आम्ही सगळे टीव्हीसमोर बसलो. चारच मिनिटं. काळीपांढरी. अर्थातच मुकी.

धूर ओकणारं इंजिन, डोक्यावर ट्रंक घेतलेला हमाल, हारांनी मान दिसेनाशी झालेला मामा. शेजारी अर्ध्या चड्डीत, नाक पुसणारा मी. मिरज-पुणे मार्ग तेव्हा मीटरगेज होता. ब्रॉडगेज झाला तो १९७१ मध्ये. डबा बुटका, त्यामुळं पायरीवर उभा राहिलेला मामा सगळ्यांपेक्षा जेमतेम हातभर उंच दिसतो. मग तो सुरू करतो. घंटेची दोरी ओढतो, तिकिटं फाडतो, म्हणजे कंडक्टर. पुडी वळतो, म्हणजे शेंगदाणेवाला. पाण्याचा घोट घेऊन घसा खाकरतो, म्हणजे अध्यक्ष. फलाटावरची माणसं पोट धरून हसतायत आणि आमच्या दिवाणखान्यात टाचणी पडली तर ऐकू येईल अशी शांतता. ज्याचं सगळं आयुष्य आवाजावर उभं, त्याची राहिलेली एकमेव फिल्म मुकी!

शेवटी तो ताठ उभा राहतो. उजवा हात नसलेल्या काठीवर टेकवतो, डाव्या हातानं टोपी किंचित पुढं ओढतो, तर्जनी वर करून काहीतरी सांगतो. यावर कुणी हसत नाही. कॅमेऱ्याच्या कडेला उभी असलेली माझी आई पदर तोंडाशी नेते. गाडी हलते. पडद्यावर पांढरे ठिपके नाचू लागतात आणि संपतं.

ही शेवटची नक्कल कुणाची? कुणी म्हणालं, स्टेशनमास्तर. कुणी म्हणालं, मोरारजीभाई. आई काही बोलली नाही. ती सत्त्याऐंशी वर्षांची आहे, तिला हल्ली कमी ऐकू येतं, म्हणून आम्हीही तिला विचारलं नाही.

ती फिल्म डोक्यातून जाईना. आपल्याकडं कुणी निघालं किंवा परतलं की त्याचं चलचित्र घ्यायचं, हे कधीपासून सुरू झालं असेल? जुनी पुस्तकं चाळली आणि थेट १९०१ सालापर्यंत जाऊन पोचलो. मुंबईत छायाचित्रांचा व्यवसाय करणारे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा. जुलै १८९६ मध्ये वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या चित्रफिती दाखवल्या गेल्या. त्या पाहून त्यांनी इंग्लंडहून एकवीस गिनींना कॅमेरा मागवला. १८९९ मध्ये हँगिंग गार्डनवर कुस्ती लावून तिचं चित्रण केलं. फिल्म धुवायलाही विलायतेला पाठवावी लागली. आपल्या माणसानं इथं घेतलेलं पहिलं चलचित्र पैलवानांचं निघालं, ही गोष्ट आम्हा सातारा-सांगलीकडच्या तालमीच्या मुलखाला गुदगुल्या करणारी आहे. आणि डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिजला सीनियर रँग्लर होऊन परतलेल्या रघुनाथ पुरुषोत्तम परांजप्यांचं मुंबईत स्वागत झालं, त्याचीही सावेदादांनी फिल्म घेतली. भारतातलं पहिलं वार्ताचित्र म्हणून तिचं नाव घेतात.

मजा पाहा, चित्र निघालं ते परतणाऱ्याचं. जाणाऱ्याचं नाही. १८९६ मध्ये परांजपे केंब्रिजला निघाले तेव्हा ते एक हुशार विद्यार्थी होते, एवढंच. सीनियर रँग्लर झाल्यावर ते बघण्याजोगे झाले. यात सावेदादांचा दोष नाही, ही जगाचीच रीत आहे. परतणाऱ्याच्या हातात काय आहे ते दिसतं. निघणाऱ्याच्या हातात फक्त पिशवी असते. त्याच्यावर फिल्म कोण खर्च करणार?

आणि आमच्या या कृष्णाकाठानं तर जाणारे किती पाहिले! औदुंबरच्या शेजारचं अंकलखोप हे गाव आज सांगली जिल्ह्यात आहे. पूर्वी हा सगळा तासगावचा मुलूख सातारा जिल्ह्यातच होता. १९४९ मध्ये दक्षिण सातारा वेगळा झाला आणि १९६० मध्ये त्याला सांगली हे नाव मिळालं. या अंकलखोपचे विष्णुपंत छत्रे. घोडे शिकवण्यात तरबेज आणि गाण्याचे वेडे. कियारिनी नावाच्या इटालियनाची सर्कस मुंबईत आली होती. ती पाहून, हे आपल्याला का जमू नये, या ईर्ष्येनं त्यांनी स्वतःची ग्रेट इंडियन सर्कस उभी केली. पहिला खेळ २० मार्च १८८० चा. भारतीय सर्कस तिथून सुरू झाली असं मानतात. त्यांचा तंबू सिलोनला गेला, आग्नेय आशियात गेला. केरळातल्या तेलिचेरीला गेला आणि तिथं जे बी पडलं त्यातून पुढं केरळची सर्कस वाढली. घोडे, वाघ, माणसं, तंबूचं कापड, सगळं बोटीवर चढताना कसं दिसत असेल? त्या काळी चलचित्राचा कॅमेराच जन्माला यायचा होता. त्यामुळं तक्रार तरी कुणाकडं करायची?

छत्र्यांच्या सर्कशीबरोबर एक गवई फिरत असे. ग्वाल्हेरच्या हद्दूखाँचे चिरंजीव रहिमतखाँ. मनानं भरकटलेला, काशीत भणंगासारखा हिंडणारा हा गंधर्व विष्णुपंतांनी शोधून आणला आणि सांभाळला, असं सांगतात. रहिमतखाँ १९२२ मध्ये कुरुंदवाडला वारले. त्यांच्या अखेरच्या वर्षांतल्या थोड्या तबकड्या आजही ऐकायला मिळतात. म्हणजे त्या सर्कशीचा आवाज उरला, पण हलतं चित्र नाही. माझ्या मामाचं नेमकं उलटं झालं. चित्र उरलं, आवाज गेला.

पुढं म्हैसाळच्या देवलांची, सांगलीच्या कार्लेकरांची, तासगावच्या परशुराम माळींची अशा सर्कशी याच मातीतून निघाल्या. तोवर कॅमेरा आला होता. इतकंच नव्हे, खुद्द सिनेमाच सर्कशीच्या चालीनं चालू लागला होता. अब्दुलअली युसुफअली नावाचे गृहस्थ १९०१ पासून तंबूत बायोस्कोप घेऊन ब्रह्मदेश, सिंगापूर, सुमात्रा असे फिरत होते. हजारभर माणसं मावतील एवढा तंबू. म्हणजे सर्कशीचाच रस्ता, सर्कशीसारखाच तंबू. सिनेमा आणि सर्कस एकाच धक्क्यावरून बोटीत चढत होते. पण एकानं वळून दुसऱ्याचं चित्र घेतल्याचं मला कुठं आढळलं नाही.

दादासाहेब फाळक्यांची तर वेगळीच कथा. तेही जादूचे प्रयोग करणारे, प्रोफेसर केळफा या उलट्या नावानं. १९१२ च्या आरंभी ते विलायतेला गेले. त्या निघण्याची फिल्म असती तर काय बहार झाली असती! पण ती काढणार कोण? ज्यानं काढायची, तो कॅमेरा आणायलाच निघाला होता.

निघणाऱ्याचंही चित्र निघतं, पण तो आधीच सगळ्या जगाचा झालेला असेल तर. सप्टेंबर १९२१ मध्ये चार्ली चॅप्लिन ‘ऑलिम्पिक’ बोटीनं अमेरिकेहून इंग्लंडला निघाला, तेव्हा वार्ताचित्रवाले बोटीवर होते. ती चित्रं आजही पाहता येतात. गंमत म्हणजे चॅप्लिनही तेव्हा मुकाच होता, पण त्याचं काही अडत नव्हतं. तो हातपायांनी बोलणारा. आणि आमच्याकडचे खाशाबा जाधव! कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरचे. १९५२ मध्ये हेलसिंकीला जायला पैसे नव्हते, तर लोकांनी वर्गणी काढली. पदक घेऊन परतले तेव्हाची बैलगाड्यांची मिरवणूक जुनी माणसं अजून रंगवून सांगतात. जाताना गाडीत बसलेले खाशाबा कसे दिसत होते, हे कुणी सांगत नाही. परतण्याची गोष्ट होते. जाण्याची फक्त हुरहूर राहते.

बरं, जे चित्रित झालं ते तरी राहिलं का? सावेदादांची कुस्तीही गेली आणि रँग्लरांचं स्वागतही गेलं. भारतात मूकपटांच्या काळात तेराशेच्या आसपास चित्रपट निघाले. त्यांतले पूर्ण उरलेले हातांच्या बोटांवर मोजावे लागतात. त्या काळची फिल्म नायट्रेटची. ती काडीसारखी पेटते, आणि पेटली नाही तरी वर्षानुवर्षांनी आतून कुजून तिची भुकटी होते. कित्येक रिळं तर त्यांतली चांदी काढण्यासाठी विकली गेली. पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झालं. तिथं पी. के. नायर यांनी गावोगाव फिरून रिळं गोळा केली. त्यांच्यामुळं फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’चा काही भाग आणि ‘कालिया मर्दन’ आपल्याला पाहता येतात. त्याच पुण्यात जानेवारी २००३ मध्ये नायट्रेटच्या रिळांच्या कोठीला आग लागली आणि जपलेल्यांतलंही बरंच गेलं.

घरगुती आठ मिलिमीटरची फिल्म अशी पेटत नाही, पण तीही आंबते. डबीतून येणारा तो व्हिनेगरचा वास म्हणजे फिल्म मरू लागल्याची खूण. तुमच्याही माळ्यावर, लग्नातल्या भांड्यांमागं अशी एखादी डबी असू शकते. ती सापडली तर उत्साहाच्या भरात जुन्या प्रोजेक्टरवर चढवू नका. आक्रसलेली फिल्म दात्यांत अडकून फाटते. थंड, कोरड्या जागी ठेवा आणि जाणकाराकडून डिजिटल करून घ्या. आणि त्याहून महत्त्वाचं, घरातल्या सगळ्यांत म्हाताऱ्या माणसाला शेजारी बसवून ती पाहा. चित्र यंत्र काढून देईल. चित्रातलं कोण ते यंत्राला ठाऊक नसतं.

हे मला शहाणपण म्हणून सुचलेलं नाही. ते आईनं शिकवलं.

भाऊबीजेच्या दिवशी सगळे पांगले तेव्हा ती म्हणाली, ‘‘ते कालचं परत लाव.’’ लावलं. शेवटच्या नकलेशी आल्यावर म्हणाली, ‘‘थांबव.’’ मामा पडद्यावर थिजला. तर्जनी वर, टोपी पुढं.

‘‘हे अण्णा आहेत,’’ आई म्हणाली.

अण्णा म्हणजे माझे आजोबा. साताऱ्यातले कडक मास्तर. मुलगा मॅट्रिकला चांगल्या गुणांनी पास होऊन नोकरी सोडतो आणि गावोगाव माकडचेष्टा करत फिरतो, हे त्यांना कधीच मानवलं नाही. मामा नैरोबीला निघाला तेव्हा बापलेकांत दोन वर्षं शब्द नव्हता. आदल्या वर्षीच्या डिसेंबरात कोयनेच्या भूकंपानं घराची भिंत खचली, ती दोघांनी मिळून उभी केली, पण एकमेकांशी न बोलता. मामा पाया पडायला गेला तर अण्णा देवघरातून बाहेर आले नाहीत. ते मिरजेला येणार नव्हतेच.

‘‘मी दादाला म्हटलं, अण्णा आले असते तर बरं झालं असतं रे,’’ आई म्हणाली. ‘‘तर म्हणाला, थांब, आणतो. आणि पायरीवर चढून अण्णाच झाला. कोण हसणार? साताऱ्याची जी माणसं होती त्यांना कळलं. माझा तर हुंदकाच आला.’’

‘‘पण काय बोलला तो?’’

आईनं डोळे मिटले. मग सत्त्याऐंशी वर्षांच्या त्या थकलेल्या गळ्यातून एक करडा, नाकातून येणारा पुरुषी आवाज निघाला. मी अण्णांना लहानपणी ऐकलेलं. अंगावर काटा आला. ‘‘पोचल्यावर पत्र टाक. पाणी उकळून पी. आणि हे बघ, करतोच आहेस तर नीट कर. लोक पैसे देतात.’’

एवढंच. वडिलांनी द्यायचा तो आशीर्वाद त्यानं वडिलांच्याच आवाजात स्वतःला देऊन घेतला आणि गाडीत बसला. गाडी रात्री सातारा रोडवरून गेली. स्टेशन येऊन जाईपर्यंत मी दारातच उभा होतो, असं त्यानं मुंबईहून टाकलेल्या कार्डात लिहिलं होतं. स्टेशनवर कुणी आलं नव्हतं.

मामा नैरोबीत असतानाच जानेवारीत अण्णा गेले. तार पोचली तेव्हा तेराव्याचा दिवस उजाडला होता. तो परतला त्याचं स्वागत मात्र दणक्यात झालं. हार, ताशे, वर्तमानपत्रात फोटो. तो फोटो अजून आहे आमच्याकडं. त्यात मामा हसतो आहे, पण कुणाची तरी नक्कल करत असल्यासारखा. आई म्हणते, अण्णांची नक्कल त्यानं त्यानंतर एकदाही केली नाही. डॉक्टरांनी फिल्म हातात ठेवली, तेव्हा त्यानं ती प्रोजेक्टरवर न चढवता धोतराच्या फडक्यात बांधली. ते धोतर अण्णांचं होतं.

त्या कॅमेऱ्यात निम्म्यावर झाकण उघडून रीळ पालटावी लागे. म्हणून फिल्मच्या मध्यावर एक पांढरा झोत दिसतो. तेवढ्या वेळात फलाटावर जे झालं ते गेलंच. आईनं ‘अण्णा आले असते तर’ म्हटलं ते तिथंच असणार. ते कुठल्याही यंत्रानं परत यायचं नाही.

भाचीला मी फोनवर सगळं सांगितलं तेव्हा ती हळहळली, ‘‘मामा, आजीचा आवाज रेकॉर्ड का नाही केलास?’’ खरंच की. फोन माझ्या हातातच होता. दुसऱ्या दिवशी मी आईला म्हटलं, पुन्हा एकदा म्हणशील का? तिनं प्रयत्न केला. शब्द तेच आले, आवाज तिचाच आला. म्हणाली, ‘‘अरे, मी नकलाकार थोडीच आहे!’’

म्हणून निदान शब्द तरी लिहून ठेवले.